मितिधर : प्रकल्प नोंदी

२ जानेवारी

आजपासून वही सुरू. ताईच्या नव्या खेळासाठी एक यंत्र करायचं आहे. खेळ तिघांनी मिळून, टेबलाभोवती बसून खेळायचा. गोष्ट ताईची, पेटी माझी. गोष्टीतलं यान अशा प्रदेशातून जातं जिथे लांबी-रुंदी-उंचीपलीकडची चौथी दिशा पक्की नाही. ती कधी फुगते, कधी आकसते. खेळाडूंच्या हातातल्या पेटीने ती मिती धरून ठेवायची आणि तिच्यातून वाटही काढायची. नाव तिने आधीच ठरवलंय : मितिधर.

टिपणात यंत्राबद्दल एकच वाक्य आहे. 'बटण दाबलं की मिती स्थिर होते.' एवढ्यावर मला काही बांधता येणार नाही. अस्थिर म्हणजे नेमकं काय, ते किती वेगाने बिघडतं आणि धरून ठेवायला काय मोजावं लागतं, ही तीन उत्तरं मिळाल्याशिवाय सोल्डरिंग आयर्न तापवायचं नाही. यंत्र कल्पनेतलं आहे म्हणून त्याला नियम नकोत असं नाही. उलट त्याला जास्तच हवेत, कारण ते चुकलं तर सांगायला खरं जग मध्ये येत नाही.

५ जानेवारी

तीन दिवस नुसतं वाचन. मजा आली.

जास्तीच्या मितीची कल्पना शंभर वर्षांहून जुनी आहे. थिओडोर कालुझाने १९१९ मध्ये आइनस्टाईनला आपलं काम पाठवलं, ते १९२१ मध्ये छापून आलं. त्याने जागेला एक मिती जास्त दिली, आणि गुरुत्वाकर्षण नि विद्युतचुंबकत्व दोन्ही एकाच समीकरणांतून बाहेर पडली. मग ती मिती दिसत का नाही? १९२६ मध्ये ऑस्कर क्लाइनने सांगितलं की ती गुंडाळलेली आहे. इतक्या लहान वर्तुळात, की अणूचं केंद्रकही त्यापुढे अवाढव्य ठरावं.

माझ्या कामाचा प्रश्न इथून पुढे सुरू होतो. ते वर्तुळ तेवढंच का राहतं? त्याला धरून कोण ठेवतं? १९८३ मध्ये टॉमस ॲपलक्विस्ट आणि ॲलन चोडोस यांनी हिशेब मांडून दाखवलं की कालुझाच्या जगात मोकळ्या निर्वातातली ऊर्जाच त्या वर्तुळाला आकसायला लावते. निर्वातात समोरासमोर ठेवलेल्या, विद्युतभार नसलेल्या दोन धातूच्या पट्ट्या एकमेकींकडे ओढल्या जातात असं हेंड्रिक कॅसिमिरने १९४८ मध्ये सांगितलं होतं, त्याच जातीचा हा परिणाम. पुढे १९९९ मध्ये वॉल्टर गोल्डबर्गर आणि मार्क वाइज यांनी जास्तीच्या मितीच्या दोन टोकांमधलं अंतर एका क्षेत्राच्या मदतीने कसं पक्कं करता येईल याची रीत मांडली.

म्हणजे 'मिती स्थिर करणे' हे शब्द ताईने हवेतून काढलेले नाहीत. या विषयात काम करणारे लोक ते रोज वापरतात. हे वाचून मला फार हायसं वाटलं. आता पेटीला पाया आहे.

६ जानेवारी

आणखी एक सापडलं, ताईला लगेच फोन केला. पॉल एरेनफेस्टने १९१७ मध्ये विचारलं होतं की जागेला तीनच मिती असण्यात विशेष काय? त्याचं एक उत्तर असं : तीन मितींत गुरुत्वाकर्षण अंतराच्या वर्गाच्या प्रमाणात कमी होतं, चार मोकळ्या मितींत ते घनाच्या प्रमाणात कमी होईल. आणि तिथे ग्रहाची कक्षा टिकत नाही. हलकासा धक्का बसला की ग्रह एकतर सूर्यात जाऊन पडेल किंवा कायमचा दूर निघून जाईल. अणूंचीही तीच गत.

ताई म्हणाली, "म्हणजे चौथी मिती नीट उघडली तर जहाजातला माणूसच शिल्लक राहत नाही?"

"माणूस सोड, त्याच्या खुर्चीतला लाकडाचा अणू राहत नाही."

"थांब, लिहून घेते."

९ जानेवारी

ठरलं. पेटीवर एक काटा. काटा म्हणजे गुंडाळलेल्या मितीची त्रिज्या. डावीकडे गेला तर मिती आकसून मिटते आणि वाट बंद होते. उजवीकडे गेला तर ती फुगत जाते. तिकडची लाल खूण अणूच्या आकाराची, म्हणजे मीटरच्या एक अब्जांशाचाही दहावा भाग. ती ओलांडली की खेळ संपला. मधोमध समतोल आहे, पण डोंगराच्या माथ्यावर ठेवलेल्या गोटीसारखा. जराशी सरकली की सरकतच जाते, आणि जितकी दूर तितकी जोरात.

गोष्टीच्या सोयीसाठी घेतलेली ही मोकळीक आहे. पण डावीकडची ओढ १९८३ च्या हिशेबातून आली आणि उजवीकडची भीती १९१७ च्या, एवढं मला पुरे.

१२ जानेवारी

पहिली मांडणी ब्रेडबोर्डवर, म्हणजे सोल्डर न करता तारा खोचायच्या पाटीवर. मायक्रोकंट्रोलर (प्रोग्राम चालवणारी छोटी चिप), एक नॉब, काट्यासाठी छोटी सर्व्हो मोटर. प्रोग्राममध्ये काट्याचा कल दर ०.१ सेकंदाला २.७ पट होतो. नॉब फिरवून तो परत मधे आणायचा.

मी चाळीसेक वेळा प्रयत्न केला. ताईने वीस वेळा. एकदाही दोन सेकंदांपलीकडे गेलं नाही. काटा या टोकाला आपटतो, आपण नॉब उलटा फिरवतो, तो त्या टोकाला आपटतो. ताईने नॉब सोडून दिला आणि म्हणाली, "हे धरता येण्यासारखंच नाहीये."

ती बरोबर बोलली. का, ते शोधायचंय.

१३ जानेवारी

उत्तर कोपऱ्यातल्या झाडूत होतं. झाडूचा लांब दांडा तळहातावर उभा तोलता येतो. पेन्सिल तोलता येत नाही. लहानपणापासून माहीत असलेली गोष्ट, पण आज पहिल्यांदा हिशेब केला.

खालचं टोक टेकवून उभी केलेली मीटरभर काठी पडायला लागली की तिचा कल २.७ पट व्हायला साधारण ०.२६ सेकंद लागतात. १५ सेंटिमीटरच्या पेन्सिलीला ०.१ सेकंद. डोळ्याला दिसून हात हलेपर्यंत माणसाला सुमारे ०.२ सेकंद लागतात. म्हणजे हात हलेपर्यंत काठीचा कल जेमतेम दुपटीवर गेलेला असतो आणि पेन्सिलीचा सातपटीहून जास्त. काठीच्या बाबतीत आपण घडलेली गोष्ट सावरतो. पेन्सिलीच्या बाबतीत आपण जे सावरायला जातो ते केव्हाच मागे पडलेलं असतं, आणि आपला हात उलट भर घालतो.

काल मी खेळाडूच्या हातात पेन्सिल दिली होती. वर सर्व्होचा स्वतःचा उशीर त्यात मिळवला होता. सर्व्हो काढला. काट्याचं काम आता एलईडी दिव्यांच्या पट्टीकडे, ती तत्काळ बदलते. कल २.७ पट व्हायचा काळ ०.४ सेकंद केला. ताईने पहिल्याच खेपेला अर्धा मिनिट धरून ठेवलं, जीभ दातांत पकडून. ती पट्टीवरून नजर काढेना. मग तिने ०.३ मागितलं.

१४ जानेवारी

पण मग दुसरा पेच. गोष्टीत यान जसजसं आत जातं तसतशी मिती लहान आणि चपळ होत जाते. काळ ०.२ च्या खाली गेला की कुणाचाच हात पुरणार नाही. तिथे बटणच हवं, असं ताईचं म्हणणं. 'बटण दाबलं की स्थिर' हे मला अजूनही पटत नाही. बटणाच्या मागे काय आहे?

१९ जानेवारी

बटणाच्या मागे काय आहे ते सापडलं : थरथर.

उलटा लंबक, म्हणजे टेकूवर उभी केलेली काठी, न मोजता, न बघता, न सावरता उभी ठेवता येते. टेकू जोरात आणि जलद वर-खाली हलवायचा, बस. ही गोष्ट ए. स्टीफन्सनने १९०८ मध्ये दाखवली होती. तिचं सोपं, सुरेख स्पष्टीकरण प्योत्र कपित्सा यांनी १९५१ मध्ये दिलं, म्हणून लोक त्याला कपित्साचा लंबक म्हणतात. काठी डोंगरमाथ्यावरच असते. पण थरथरीमुळे सरासरीने पाहिलं तर त्या माथ्याचा खळगा होतो.

याचाच चुलतभाऊ वोल्फगांग पाउल यांचा सापळा. स्थिर विद्युतक्षेत्राने भारित कण एका जागी अडकवता येत नाही, हे सॅम्युएल अर्नशॉने १८४२ मध्येच सिद्ध केलं होतं. पाउलनी क्षेत्र स्थिर ठेवलंच नाही, ते भराभर उलटसुलट केलं आणि कण अडकला. १९८९ च्या नोबेल पारितोषिकात त्यांचा वाटा याबद्दलच होता.

मितिधरचं हृदय हेच. त्रिज्येला पकडून ठेवायचं नाही, तिला बारीक आणि जलद थरथर द्यायची. पण आधी माझ्या टेबलावर खरी काठी उभी राहिली पाहिजे. स्वतः पाहिल्याशिवाय पेटीत घालणार नाही.

२२ जानेवारी

हिशेब. लाकूड कापायची जुनी जिगसॉ आहे, तिचं पातं एकूण २० मिलिमीटर वर-खाली जातं, म्हणजे मधल्या जागेपासून १०. ॲल्युमिनियमची पट्टी १५ सेंटिमीटर.

नियम लक्षात ठेवायला सोपा निघाला. टेकूचा कमाल वेग, लंबकाच्या लांबीइतक्या उंचीवरून पडलेल्या वस्तूच्या वेगापेक्षा जास्त हवा. मी लांबी १५ सेंटिमीटर धरली, मिनिटाला सुमारे १६४० फेरे आले. रात्री चूक लक्षात आली. पट्टीचं वजन टोकाला नाही, लांबीभर पसरलेलं आहे, म्हणून लंबकाची हिशेबातली लांबी दोन तृतीयांश, म्हणजे १० सेंटिमीटर. तेवढ्या उंचीवरून पडणाऱ्या वस्तूचा वेग सेकंदाला १.४ मीटर. त्यावरून मिनिटाला सुमारे १३४० फेरे. जिगसॉ याच्या दुप्पट सहज देते.

२४ जानेवारी

उभी राहिली.

सविस्तर लिहून ठेवतो. जिगसॉ उलटी करून शिकंजात घट्ट आवळली. जुन्या पात्याचे दात घासून काढले, टोकाला भोक पाडलं, त्यात छोटं बेअरिंग आणि बेअरिंगवर पट्टी. डोळ्यांना गॉगल. पट्टी बोटाने उभी धरली आणि वेग हळूहळू वाढवला. सुरुवातीला पट्टी बोटाला नुसती टोचत राहते, सोडली की कोसळते. आवाज चढत गेला. एका टप्प्यावर बोटाला जाणवलं की पट्टी आता पडायला बघत नाहीये. बोट काढलं. ती तशीच राहिली. खालचं टोक धूसर, पंख्याच्या पात्यासारखं, आणि वरचं टोक जवळजवळ स्तब्ध, आपल्या जागी.

मग बोटाने बाजूला ढकललं. आतून कुणी स्प्रिंग लावावी तसा विरोध जाणवला. सोडल्यावर ती सावकाश परत आली, पलीकडे गेली, पुन्हा आली. मिनिटाला १८०० फेऱ्यांना सेकंदाला दीडच्या जरा आत हेलकावे. हिशेबाने १.४ यायला हवेत. ताई शेजारी उभी होती, तिने कानांवरचे हात काढले आणि स्वतः बोट लावून पाहिलं. तीन वेळा. काही बोलली नाही.

वेग कमी केला, पट्टी आडवी.

एवढ्या आवाजात, एवढ्या धडपडीत ती काठी इतकी शांत उभी होती. ते दृश्य डोळ्यांपुढून जात नाहीये.

२६ जानेवारी

अपघात. चालू असताना बेअरिंगचा नट सुटला आणि पट्टी भिंतीवर जाऊन आदळली. लागलं कुणाला नाही. थरथर नट सैल करते हे माहीत असूनही मी साधा नट लावला होता. आता आत नायलॉनची कडी असलेला नट, आणि पट्टीसमोर पारदर्शक पत्रा. पत्रा बसेपर्यंत जिगसॉ बंद.

३० जानेवारी

आजची नोंद सगळ्यात महत्त्वाची.

वाट काढण्यासाठी पेटीत हालचाल मोजणारी चिप बसवणार आहे, वळणं मोजणारा जायरोस्कोप आणि वेगातला बदल मोजणारा ॲक्सेलेरोमीटर एकत्र असलेली. सहज म्हणून ती जिगसॉच्या बैठकीला चिकटपट्टीने लावली आणि मोटर चालू केली. पडद्यावरचे आकडे फुटले. बैठक जागची हलत नव्हती, आणि चिप सांगत होती की ती हजार दिशांनी जातेय. मोटर बंद, आकडे शांत. काठी मात्र पडली.

परत चालू. काठी उभी, आकडे वेडे.

दोन्ही एकदम मिळत नाहीत. थरथर दिली तर मिती टिकते पण आपण कुठे आहोत ते कळत नाही. थांबवली तर दिसतं, पण जे दिसतं ते कोसळायला लागलेलं असतं.

ताईला फोन लावून एवढंच सांगितलं. ती बराच वेळ गप्प होती, मग म्हणाली, "अरे, हीच माझी गोष्ट आहे. मी दोन महिने शोधतेय."

१ फेब्रुवारी

ताईने टिपणातलं पहिलं वाक्य खोडलं. नवीन वाक्य : 'कळ दाबलेली असेपर्यंत मिती टिकते आणि वाट दिसत नाही.'

कळ आता बटण नाही, दाबून धरायचा खटका आहे. सोडला की थरथर थांबते.

३ फेब्रुवारी

दिशादर्शक. मी तीन मितींच्या सवयीने तीन तबकड्या काढल्या होत्या. पण 'अक्षाभोवती फिरणं' ही तीन मितींपुरतीच सोय आहे. फिरणं खरं तर एका प्रतलात घडतं. कागदावर एकच प्रतल, म्हणून फिरण्याची रीत एक. तीन मितींत प्रतलं तीन, योगायोगाने अक्षही तीनच, म्हणून आपल्याला फरक जाणवत नाही. चार मितींत प्रतलं सहा. पाच असत्या तर दहा.

सहा तबकड्या पेटीवर मांडून पाहिल्या. बघणाऱ्याचा जीव दडपतो. ताईने विचारलं, यातल्या नेहमीच्या वळण्या किती? तीन. त्या यानाचं रोजचं सुकाणू बघेल. मितिधरवर फक्त उरलेल्या तीन : पुढची दिशा चौथीकडे वळतेय का, बाजूची वळतेय का, वरची वळतेय का. तिचं म्हणणं चटकन पटलं. तबकड्या पुन्हा तीन, पण आता त्या का तीन आहेत ते मला माहीत आहे.

नुसत्या चिपच्या जोरावर यानाची जागा काढायची नाही, हेही ठरलं. ॲक्सेलेरोमीटरमध्ये सेकंदाला सेकंदामागे एक सेंटिमीटर एवढी बारीक कायमची चूक असली, तर मिनिटाभरात जागा १८ मीटरने चुकते, कारण चूक वेळेच्या वर्गाने वाढते. पेटी फक्त कल दाखवेल. जागा खेळाडू पाटावर सोंगटीने मांडतील.

८ फेब्रुवारी

पेटीत आता खरा थरथरणारा छोटा मोटर आहे, फोनमध्ये असतो तसला, फक्त मोठा. चिप शेजारीच. गोंधळ प्रोग्राममधून बनवायचा नाही, खऱ्या थरथरीनेच तबकड्या बिघडल्या पाहिजेत असा माझा आग्रह.

पण आज तबकड्या बिघडल्याच नाहीत. खटका दाबला की काटे थरथरण्याऐवजी संथपणे डोलायला लागले. डावीकडे, उजवीकडे, सेकंदाला एकदा. पेटी टेबलावर निश्चल. इतकं खरं वाटत होतं की मी दोनदा टेबल तपासलं.

१० फेब्रुवारी

कारण सापडलं. चिपचे आकडे मी सेकंदाला ५० वेळा वाचत होतो आणि मोटर सेकंदाला १५१ वेळा थरथरत होता. दोन वाचनांमध्ये थरथर तीन पूर्ण फेऱ्या आणि किंचित जास्त पुढे जाते, मला फक्त तो किंचित भाग दिसतो. म्हणून सेकंदाला एक असा खोटा, संथ हेलकावा. चित्रपटात गाडीची चाकं उलटी फिरताना दिसतात, त्याच जातीचं हे.

ताईला ते डोलणं फार आवडलं. ती म्हणाली, "राहू दे ना. आत गेलेल्याला भास होतात, असं लिहीन मी."

मी नाही म्हणालो. बराच वाद झाला. माझं म्हणणं एवढंच होतं की खटका दाबून धरणाऱ्याला आपल्याला दिसत नाहीये हे कळलं पाहिजे. थरथरणारा काटा सरळ सांगतो की मला माहीत नाही. डोलणारा काटा सुंदर दिसतो आणि खोटं सांगतो, आणि त्यावर विसंबून कुणी सोंगटी पुढे टाकली तर दोष त्याचा नसतो. ज्या यंत्रावर माणसाने जीव टाकायचा, त्याने आंधळं व्हावं एक वेळ, पण भास दाखवू नये.

ताई "बरं" म्हणाली, मनापासून की माझी समजूत काढायला ते कळलं नाही.

वाचन सेकंदाला १००० वेळा केलं. काटे आता स्पष्ट थरथरतात.

१३ फेब्रुवारी

खटका सोडल्यावर किती वेळ पाहता येतं? काळ ०.४ सेकंदांचा धरला आणि काटा टोकाच्या अंतराच्या शंभराव्या भागाइतका मधून सरकलेला असला, तर टोक गाठायला सुमारे १.८ सेकंद. दहापट नेमकं मधे आणून सोडला, हजाराव्या भागावर, तर २.८. दहापट मेहनतीला जेमतेम एक सेकंद जास्त. शंभरपट केली तर दोन.

हा आकडा मी भिंतीवर लावलाय. खेळाचा सगळा ताण यातच आहे. आणखी थोडा नीट मधे आणू म्हणत बसायचं की आहे तिथून सोडून एक नजर टाकायची?

१७ फेब्रुवारी

बोल्ट. ही कल्पना माझी आणि मला तिचा आनंद आहे.

ऑगस्ट मोबियसने १८२७ मध्येच लिहिलं होतं की चौथ्या मितीतून वळवता आली तर वस्तू आपल्या आरशातल्या प्रतिमेवर नेमकी बसवता येईल. उजव्या हाताचा मोजा डाव्या हाताचा होऊन येईल. मग वाट वस्तू उलटवते का ते कळायला यानाबाहेर दोरीला बांधून एक बोल्ट सोडायचा. तो तिकडे उलटून परत आला तर त्याचे आटे उलटे झालेले असतील. नट मात्र यानातच राहिलेला, म्हणून तो बसणार नाही. नटही सोबत पाठवला तर दोघंही उलटतील आणि काहीच कळणार नाही. ताईच्या पहिल्या खर्ड्यात दोन्ही बाहेर जात होते, ते बदललं.

उलट्या आट्यांचे बोल्ट खरे मिळतात. सायकलच्या डाव्या पेडलचे आटे असेच असतात. दिसायला दोन बोल्ट सारखे वाटतात. यान कोणत्या वाटेने गेलं ते बघून खेळ चालवणारा त्यातला एक खेळाडूच्या हातात ठेवेल.

आणि खेळाडू तिकडे उलटला तर? आपल्या शरीरातली प्रथिनं जवळजवळ सगळी एकाच हाताच्या अमिनो आम्लांची आहेत, म्हणजे डाव्या-उजव्या मोज्यांसारख्या दोन रूपांपैकी एकाच रूपाच्या. उलटलेल्या माणसासमोर भरलेलं कोठार असेल आणि त्यातलं बरंचसं त्याच्या अंगी लागणार नाही. ताईने हे दोन ओळींत लिहिलंय. वाचून मला रात्री झोप लागली नाही.

२३ फेब्रुवारी

पहिला खरा प्रयोग. तिघे आले, तिघांनाही भौतिकशास्त्राशी काही देणंघेणं नाही. नियम सांगायला आठ मिनिटं.

पहिल्या फेरीत खटका कुणी सोडेचना. काटा शांत, तबकड्या थरथरतायत, आणि सोंगटी अंदाजाने पुढे. बोल्ट आत आला. नट हातात घेतलेल्या मुलीने तो फिरवला, पुन्हा फिरवला, बोल्ट उलटा धरून फिरवला. मग तिने दोन्ही टेबलावर ठेवले आणि हात मांडीवर घेतले. खोलीत कुणी बोललं नाही.

दुसऱ्या फेरीत त्यांनी कामं वाटून घेतली. एक जण नॉबवर, एक खटक्यावर, एक तबकड्यांवर नजर लावून. नॉबवाला म्हणायचा, "सोड." ती म्हणायची, "बघितलं." की लगेच खटका दाबायचा. सोड, बघितलं, दाब. दहा मिनिटांत शब्द गळून पडले. नुसत्या श्वासावर चाललं होतं. काळ ०.४ वरून ०.२५ वर आणला तरी त्यांच्या लक्षात आलं नाही, ते फक्त जास्त वेळा सोडू लागले आणि कमी वेळ बघू लागले.

हे मी कुठेही लिहिलेलं नव्हतं. ताईनेही नाही.

२५ फेब्रुवारी

दुरुस्त्या. खटक्याची स्प्रिंग कडक आहे, वीस मिनिटांनी बोट दुखतं, हलकी लावायची. मोटरच्या दोन तारा थरथरीने सोल्डरपाशीच तुटल्या, तिथे रबरी नळी चढवायची आणि तार थोडी सैल ठेवायची. पेटीच्या झाकणाला तेच नायलॉनचे नट.

ताईचा निरोप : शेवटच्या टप्प्यात काळ ०.१ करता येईल का? हाताने तर तिथे कुणालाच धरता येणार नाही, तिला माहीत आहे. शंभराव्या भागावरून सोडलं तर तिथे खटका जेमतेम ०.४६ सेकंद मोकळा ठेवता येईल. डोळ्याला दिसून बोट हलायला ०.२ लागतात. उरले ०.२६. तेवढ्यात तीन तबकड्यांतली एक वाचून होते.

कोणती, ते त्यांनी आधी ठरवायचं. तिला हो कळवलंय.